वाजवणाऱ्याचं नाव कुठाय?

दोस्तहो, दर चौदा एप्रिलच्या आधी आपल्या वस्त्यांतून नवी गाणी निघतात. पूर्वी कॅसेट निघायची, मग सीडी, आता मोबाईलवर. गायकाचं नाव मोठ्या अक्षरात. कवीचं नाव. संगीतकाराचं नाव. निर्मात्याचा हात जोडलेला फोटो. नगरसेवकाचा आशीर्वाद देणारा फोटो. सौजन्य म्हणून नाक्यावरच्या वडापाववाल्याचंही नाव. आणि ट्रंपेट कुणी वाजवला? ढोलकी कुणाची? माईक कुणी लावले, आवाज कुणी बसवला?

नाव नाय.

मी हे बाहेर उभा राहून बोलत नाही. बारा वर्षं मी मुंबईच्या स्टुडिओंतून ट्रंपेट फुंकला. त्यानंतर काचेच्या पलीकडं गेलो, रेकॉर्डिस्ट झालो. दोन्ही बाजूंनी हा धंदा बघितला. ज्यांनी वाजवणाऱ्यांची नावं गाळली त्यांत मीपण आहे. म्हणून ह्या लेखातली पहिली शिवी मला, दुसरी तुम्हाला.

आमचं घर पनवेलचं. आजा सनई वाजवायचा. कुणाच्या हुकमानं? गावाच्या. पाटलाच्या घरचं लगीन असो, देवाची पालखी असो, आज्यानं पुढं चालायचं, फुंकत. जेवण मात्र सगळ्यांच्या मागून, उकिरड्याच्या अंगाला. १९५६ साली धम्मदीक्षा झाली आणि आज्यानं सनई गाढी नदीत सोडली. आजी सांगायची, सनई पाण्यात पडल्यावर तो घटकाभर काठावर बसून राहिला, बोलला नाय. महारकी वतनं रद्द करायचा कायदा व्हायला अजून दोन वर्षं होती, तो आला १९५८ साली. आज्यानं स्वतःचा कायदा आधीच केला होता. त्यानं केलं ते बरोबर केलं, हे मी छातीठोक सांगतो.

पण पोट कायद्यानं भरत नाही. माझा बाप लग्नसराईत बँड पार्टीत क्लार्नेट वाजवू लागला. सुपारी घेऊन, ठरवून, रोख. मी तेरा वर्षांचा असताना त्याच बँडमध्ये पेट्रोमॅक्स डोक्यावर घेऊन चालायचो, मग कुणीतरी हातात जुना ट्रंपेट दिला. तर आमच्याच वस्तीतला एक कार्यकर्ता बापाला चारचौघांत बोलला, "बाबासाहेबांनी बाजा सोडायला सांगितला, आणि तुम्ही पोराच्या पण तोंडाला लावला?"

बाप गप्प बसला. मी आज उत्तर देतो.

बाबासाहेबांनी सक्ती सोडायला सांगितली. ज्या कामाला नाही म्हणता येत नाही ते काम सोडा, असा त्याचा अर्थ. खुद्द बाबासाहेब उतारवयात व्हायोलिन शिकले, शिक्षक लावून. मग व्हायोलिन सोवळं आणि ट्रंपेट ओवळा, हे कुणी ठरवलं? वाद्यांची उतरंड मनूच्या चेल्यांनी लावली. तारेचं वाद्य दिवाणखान्यात, गादीवर. चामड्याचं आणि तोंडानं फुंकायचं बहुतेक उंबऱ्याबाहेर, कारण चामडं विटाळाचं आणि थुंकीही विटाळाची. तीच उतरंड तू कार्यकर्ता होऊन आम्हाला ऐकवतोस? आज्यानं नदीत सोडली ती लाचारी. सूर त्यानं कुठं सोडला होता?

आता मुंबईकडं बघू. सिनेमाच्या गाण्यात जो पितळी आवाज ऐकून आपण वाढलो, तो आला कुठून?

१९३५ साली लिऑन ॲबी नावाचा काळा अमेरिकन आपला सगळा काळा बँड घेऊन मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात आला. त्याच वर्षी १३ ऑक्टोबरला बाबासाहेबांनी येवल्यात हिंदू म्हणून मरणार नाही असं सांगितलं. इकडं आपण धर्माचं जोखड उतरवायला निघालो होतो, तिकडं गुलामांची नातवंडं मुंबईत साहेबांच्या पुढं जॅझ वाजवत होती. दोघांची गाठ पडली नाही. पडली ती गोव्याच्या पोरांची. आल्दोनाचा अंतोनियो शाव्हियेर वाझ हा त्यांतलाच, जन्म १९१६ चा. लुई आर्मस्ट्राँगच्या धर्तीवर ट्रंपेट वाजवायचा, लोक त्याला चिक चॉकलेट म्हणायचे. आपल्या सी. रामचंद्रांना त्यानं साथ दिली, 'अलबेला'त (१९५१) तो बँडसकट पडद्यावरही दिसतो. १९६७ साली गेला. पुढं सॅक्सोफोनवर मनोहारी सिंग आला. कलकत्त्याकडचा नेपाळी माणूस, बाटा कंपनीच्या ब्रास बँडमध्ये तयार झालेला, १९५८ साली मुंबईत आला आणि २०१० साली मरेपर्यंत हजारोंच्या ओठांवर त्याचे सूर राहिले. ट्रंपेटवाले रामप्रसाद शर्मा होते, संगीतकार प्यारेलालचे वडील. त्यांनी कित्येक वादकांना नोटेशन शिकवलं.

ह्या सगळ्यांत एक गोष्ट सारखी आहे, नीट बघा. ह्यांना कागदावरचं संगीत वाचता येत होतं. गोव्यात चर्चच्या शाळेत पोराला अक्षराबरोबर सूरही वाचायला शिकवायचे. बाटाच्या बँडमध्ये मास्तर होता, पुढ्यात कागद होता. आमच्या बँडमध्ये काय होतं? मास्तरनं रेडिओवर गाणं ऐकायचं, सकाळी सगळ्यांच्या कानात भरायचं, संध्याकाळी वरातीत वाजवायचं. कानाचं काम. मे महिन्याच्या उन्हात चार-चार तास चालत फुंकायचं, ओठ फाटला तर तूप लावून पुन्हा फुंकायचं. दम कमी होता काय आमचा? कान कमी होता? पण स्टुडिओत पुढ्यात स्टँड असतो, स्टँडवर कागद असतो, आणि कागद वाचता आला नाही तर बाहेरचा रस्ता. "अस्पृश्यांना प्रवेश नाही" असली पाटी कुठल्या स्टुडिओवर नव्हती. पाटीची गरज नव्हती. ज्यांना हजारो वर्षं अक्षर वाचू दिलं नाही त्यांच्यापुढं एक कागद ठेवला की काम भागतं.

गोव्याच्या वादकावर माझा राग नाही, हेही सांगून टाकतो. मला नोटेशन शिकवलं ते धोबीतलावच्या एका म्हाताऱ्या गोवेकर मास्तरनं. फी परवडेल ती दे म्हणाला, आडनाव विचारलं नाही. दोन वर्षं मी पनवेलहून एस्टीनं जायचो, खाडीपुलावरून, मांडीवर ट्रंपेटची पेटी. कंडक्टर पेटीचं तिकीट मागायचा.

१९८४ साली मला पहिली शिफ्ट मिळाली. ते काम कसं चालायचं ते सांगतो, कारण तुमच्यातल्या कुणी बघितलेलं नाही. मोठा हॉल. चाळीस-पन्नास वादक. व्हायोलिनवाले पुढं, आम्ही पितळवाले सगळ्यात मागं, कारण आमचा आवाज सगळ्यांना खातो. कागद हातात पडतो तेव्हा गाणं कुठल्या सिनेमाचं हेही ठाऊक नसतं. दोन-तीन वेळा वाजवून बघायचं, मग लाल दिवा. सगळे एकदम वाजवतात. ट्रंपेटचा एक सूर घसरला की पन्नास जणांची मेहनत वाया, सगळ्यांचे डोळे तुझ्यावर. बरोबर वाजवलास तर कुणी बघत नाही. शेवटी पाकीट. व्हाउचरवर सही. तुझं नाव त्या व्हाउचरवर शेवटचं उमटतं. त्यानंतर गाणं रेडिओवर लागतं, चित्रपटाचं नाव सांगतात, गायकाचं, गीतकाराचं, संगीतकाराचं. मी घरी म्हणायचो, "आये, हा मी." आये म्हणायची, "नाव तर दुसऱ्याचंच घेतला त्यांनी."

एका स्टुडिओत डबा खाताना एका सिनियर वादकानं आडनाव विचारलं. सांगितलं. पुढं बोलणं संपलं, आणि त्या ठिकाणचा निरोप येणंही संपलं. जातीमुळं, असं तो कधी म्हणाला नाही. ते कधीच म्हणत नाहीत.

साऱ्या देशाला एका वादकाचं नाव ठाऊक आहे, अँथनी गोन्साल्विस. का? 'अमर अकबर अँथनी'मध्ये (१९७७) अमिताभनं अंड्यातून बाहेर पडून ते गायलं म्हणून. खरा अँथनी गोन्साल्विस व्हायोलिनवाला, अरेंजर, प्यारेलालचा गुरू. शिष्यानं गुरूचं नाव गाण्यात घातलं. देशानं ते गंमत म्हणून ऐकलं. २०१२ साली खरा माणूस गेला तेव्हा कितीजणांना कळलं?

मग कीबोर्ड आला. नव्वदनंतर एक माणूस एका बोटानं चार ट्रंपेट वाजवू लागला. हॉल ओस पडले. उरलेसुरले वादक एकेकटे बोलावून स्वतंत्र ट्रॅकवर डब करू लागले. १९९६ साली माझं बोलावणं थांबलं. दोनेक वर्षांत हार्बरची लोकल पनवेलला आली, आणि मला मुंबईला जायचं काम उरलं नव्हतं, असली थट्टा.

मी काचेमागं गेलो. कसा? केबल गुंडाळत. चहा आणत. सिनेमात आवाजाचा माणूस म्हणजे राजकमलचे मंगेश देसाई, असं नाव निघायचं, जाणकार त्यांना मानायचे. पण ते नाव सोडलं तर आवाजाच्या माणसाला तरी कोण ओळखतं? आणि ते शिक्षण कुणाला? पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट १९६० ची. तिथं ध्वनिमुद्रण शिकायचं तर वर्षानुवर्षं अट होती, बारावीला फिजिक्स पाहिजे. आमच्या वस्तीतल्या नगरपालिकेच्या शाळेतून सायन्सपर्यंत किती पोरं पोचायची, ते तुम्हीच सांगा. मी फिजिक्स शिकलो नाही. पण ट्रंपेट माईकच्या थेट तोंडावर फुंकला तर आवाज फाटतो, दोन हात लांब आणि जरा तिरका धरला तर गोल येतो, हे माझ्या ओठाला ठाऊक होतं. ढोलकीच्या शाईजवळ माईक नेला की थाप दबते, हे कानाला ठाऊक होतं. रेकॉर्डिंगमधला अर्धा अभ्यास वाजवणाऱ्यापाशी असतो. राहिलेला अर्धा मशीनपाशी बसून शिकता येतो, कुणी बसू दिलं तर.

१९९९ साली पनवेलात दहा बाय बाराची खोली घेतली. भिंतींना जुन्या गाद्या ठोकल्या, चार ट्रॅकचं कॅसेट मशीन आणलं. दर मार्चला भीमगीतांची रांग लागायची. प्रल्हाद शिंदे, विठ्ठल उमप, वामनदादा ह्यांच्या आवाजावर वाढलेली पोरं यायची, खिशात उसनवारीचे पैसे. आणि मी बसायचो त्या मशीनच्या खटक्यांवर बोट ठेवून. मी बोट वर सरकवलं तर क्लार्नेट ऐकू येणार, खाली केलं तर नाही. उभ्या जन्मात आमच्या घरात कुणाच्या हातात एवढी सत्ता आली नव्हती. मी तिचं काय केलं?

एका कॅसेटला आमच्या जुन्या बँडच्या मास्तरनं क्लार्नेट वाजवली. साठी ओलांडलेला माणूस, दमा असलेला. दुसऱ्या अंतऱ्याआधी त्यानं एक तुकडा वाजवला, कुणी सांगितलेला नव्हता, त्याच्या मनातला. मी खोलीत एकटा असलो की अजून तो लावतो. कव्हर छापायची वेळ आली. निर्माता म्हणाला, जागा नाही, नगरसेवकाचा फोटो मोठा करायचाय. मी म्हटलं, बरं.

"बरं" म्हटलं मी. मागच्या रांगेत बारा वर्षं बसलेल्या माणसानं.

मास्तर गेला. शोकसभेनंतर त्याचा पोरगा ती कॅसेट घेऊन माझ्याकडं आला. कव्हर उलटंपालटं केलं आणि विचारलं, "काका, ह्यात माझा बाप कुठाय?" मी मशीन लावून दुसरा अंतरा ऐकवला, म्हटलं, हा बघ. तो म्हणाला, "हे तुम्हाला ठाऊक. माझ्या पोराला कोण सांगेल?"

त्या दिवसापासून मी कायदा वाचायला लागलो. तुम्हीपण वाचा, तो आपल्यावर लिहिलेला आहे.

कॉपीराइटचा कायदा १९५७ चा. त्यात वादकाला आणि गायकाला काहीच नव्हतं. १९७७ साली सुप्रीम कोर्टात न्या. कृष्ण अय्यर यांनी एका निकालाच्या शेवटी लिहिलं की गाणाऱ्याला ह्या कायद्यात हक्क नाही, संसदेनं बघावं. संसदेनं सतरा वर्षांनी बघितलं. १९९४ च्या दुरुस्तीत कलाकाराचा हक्क आला, २०१२ च्या दुरुस्तीत व्यापारी वापराच्या कमाईत वाटा आला. ढोल वाजवा असं वाटतं ना? थांबा. २०१२ सालीच एक मेख मारून ठेवली. चित्रपटात ज्याचं काम किरकोळ किंवा ओघानं आलेलं आहे, आणि धंद्याच्या रिवाजाप्रमाणं ज्याचं नाव श्रेयनामावलीत किंवा कुठंच येत नाही, तो कलाकार धरला जाणार नाही. त्याला उरतो एकच हक्क, काम विद्रूप केलं तर तक्रार करायचा.

कळलं? आधी रिवाज करायचा की ह्याचं नाव छापायचं नाही. मग कायद्यानं म्हणायचं, रिवाजच असा आहे. गावात पण असंच होतं. पाणवठ्यावर का जायचं नाही? रिवाज आहे. रिवाज कुणी केला? ज्याचा पाणवठा त्यानं. १९२७ साली आपण महाडला गेलो ते ह्याच रिवाजाच्या नरड्यावर पाय द्यायला. पनवेलहून तो रस्ता तसाच पुढं जातो.

आणि आता तुमच्या मोबाईलकडं या. आजचं भीमगीत व्हिडिओ म्हणून निघतं. कायद्यात हलतं चित्र म्हणजे चित्रपटच, मग ते थिएटरात असो की हातात. म्हणजे नुसत्या आवाजाच्या कॅसेटला जी मेख लागत नव्हती, ती तुमच्या व्हिडिओला लागू शकते. वादकाचं काम किरकोळ होतं की नव्हतं ह्यावर वकील भांडतील. पण नाव छापायचं की नाही हे तुमच्या हातात आहे. नाव गाळलंत की मेखेचा अर्धा भाग तुम्ही स्वतः ठोकलात, आपल्याच माणसाच्या छातीवर.

काही पोरं म्हणतील, आपण गरीब, आपली तुलना सिनेमाशी कशाला? मग पँथरच्या पोरांनो, काळ्यांकडंच बघा, नाव तर तुम्ही त्यांचंच घेतलंत १९७२ साली. अमेरिकेत डेट्रॉइटला मोटाउन नावाची रेकॉर्ड कंपनी होती. मालक काळा, गायक काळे, वाजवणारे बहुतेक काळे. साऱ्या जगानं ती गाणी ऐकली. वाजवणाऱ्यांची नावं तबकडीच्या कव्हरवर कधी आली? १९७१ साली, मार्विन गे याच्या एका तबकडीवर. त्याआधी दहाएक वर्षं जेम्स जेमरसनसारखा बास वाजवणारा जगाच्या कानात होता आणि कागदावर कुठंच नव्हता. मालक आपला असला म्हणजे हक्क आपोआप मिळतो, हा भ्रम तिथं पण फुटला. आपल्यात कधी फुटायचा?

सबबी मला पाठ आहेत, मीच त्या द्यायचो.

"त्याला पैसे दिले ना?" दिले. बलुतं पण देतच होते, सुपात धान्य घालून. धान्य दिलं आणि नाव घेतलं, माणसाचं 'वाजंत्री' करून टाकलं. पैसे दिल्यानं माणूस विकत येतो, हे कोण शिकवतं तुम्हाला?

"समाजाचं काम आहे, नाव कशाला?" एकदम मान्य. मग निर्मात्याचं नाव काढा, नगरसेवकाचा फोटो काढा, गायकाचं नाव काढा. कोरं कव्हर छापा, मी पहिला टाळी वाजवीन. सगळ्यांची नावं, नाहीतर कुणाचंच नाही. निस्वार्थ फक्त मागच्या रांगेनं का व्हायचं?

"जागा नाही." मोबाईलवर गाण्याखाली पानभर लिहायला जागा आहे. त्यात तुम्ही लाईक आणि शेअरची भीक मागता.

तर माझं म्हणणं थोडकं आहे. ह्या जयंतीपासून जे गाणं निघेल त्याच्याखाली प्रत्येक वादकाचं, कोरसवाल्या बायापोरींचं आणि रेकॉर्डिस्टचं पूर्ण नाव, वाद्यासकट. व्हिडिओच्या आतपण नावं. रेकॉर्डिंगच्या दिवशीच साध्या मराठीत एक कागद, कुणी काय वाजवलं, किती पैसे मिळाले, पुढं कमाई झाली तर वाटा कसा. दोन प्रती, एक वादकाच्या घरी. जुन्या कॅसेटी घरोघर पडल्यात, वाजवणारे म्हातारे अजून काही जिवंत आहेत. त्यांना ऐकवा आणि विचारा, हा कोण, तो कोण. वहीत लिहा. बुद्धविहाराच्या अभ्यासिकेत स्पर्धा परीक्षेच्या टेबलाशेजारी एक टेबल नोटेशनचं आणि एक कॉम्प्युटर आवाजाचा ठेवा. शिकवायला मी येतो, फुकट. कागद वाचता आला नाही म्हणून आपलं एकही पोर पुन्हा हॉलच्या दारातून परत येता कामा नये.

मास्तरच्या त्या कॅसेटचं गाणं मी पुन्हा चढवलंय. गाण्याखाली त्याचं नाव पहिलं घातलं, गायकाच्याही आधी. गायक रागावला. रागावू दे. निर्मात्याचा फोन आला, म्हणाला, एवढ्या वर्षांनी काय हे लचांड काढलंस? त्याला मी मास्तरच्या पोराचा प्रश्न विचारला. तो फोन ठेवून मोकळा झाला.

तुमच्या मंडळाला पण मी तोच प्रश्न विचारणार आहे. चौदा तारखेला मिरवणूक नाक्यावर आली की भिंतीएवढ्या स्पीकरसमोर उभा राहीन, हातात कागद-पेन्सिल घेऊन. वाजवणाऱ्याचं नाव सांगा, मी लिहून घेतो.

जय भीम.